न्यायमूर्ती अण्णा, व्हिजिट पासवाले

निवृत्त माणसाच्या घरात प्लास्टिकच्या पिशव्या आणि किस्से सारख्याच वेगानं साठतात. एक ओढायला जावं तर मागून दहा बाहेर येतात! माझ्याकडचे निम्मे किस्से एकट्या मोहितेअण्णांचे आहेत.

अण्णा कराडचे. एरवी कापडाचं दुकान, सणावाराला होमगार्ड. आता सिंगापूरला, चोआ चू कांग भागात लेकीकडे असतात. लाठी कराडलाच राहिली, म्हणून इथे काखेत छत्री. आमच्या इथल्या मराठी गटातल्या एका तरुण मरीन इंजिनिअरनं एकदा फार आदरानं विचारलं, "अण्णा, लढाई कुठली पाहिलीत?"

"अनंत चतुर्दशी," अण्णा म्हणाले. "दरवर्षी!"

* * *

मुलांकडे येऊन राहिलेल्या आम्हा सीनियर मंडळींत भांडणं पुष्कळ, कारण वेळ पुष्कळ. सगळी अण्णांपुढे जातात, आणि अण्णा त्याच दिवशी निकाल देतात. मी जन्मभर सरकारी क्लार्क होतो. त्याच दिवशी निकाल देणारा माणूस मला आधी जरा संशयास्पदच वाटला होता.

आमच्या बुकित पंजांग भागातली एलआरटी, म्हणजे छोटी मेट्रो, गोल फिरते. माझ्या मुलाच्या फ्लॅटवर यायला ती कुठल्या बाजूनं घेतली तर लवकर पोचतो, यावरून कुलकर्णी आणि जाधव यांचं बोलणं बंद झालं. अण्णांनी एकाला या बाजूच्या गाडीत बसवलं, दुसऱ्याला त्या बाजूच्या. दोघं धापा टाकत एकदमच माझ्या दारात आले, तर आत सोफ्यावर अण्णा चहा पीत बसलेले!

"अण्णा, तुम्ही कसे आलात?"

"चालत. दोघंही हरलात. चहा घ्या!"

* * *

ईस्ट कोस्टला समुद्रावर फिरायला गेलो होतो. तिथल्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे छपराखालच्या खाऊगल्लीत, रिकाम्या टेबलावर टिशूचं पाकीट पडलं होतं. अण्णांनी त्यातला एक काढून कपाळ पुसलं. त्यांची नात सई किंचाळली, "आजोबा, कॅनॉट लाह! ते टेबल कोणीतरी धरलंय!"

टिशू ठेवला की जागा आपली, हा इथला रिवाज तिनं समजावून सांगितला. अण्णांनी खिशातून नवीन पाकीट काढून तिथे ठेवलं आणि त्याला चक्क सॅल्यूट केला.

"कराडला आम्ही चार होमगार्ड उभे राहायचो, तरी पाहुण्यांच्या खुर्चीवर भलताच बसायचा. इथे टिशू एकटा बंदोबस्त करतो!"

* * *

आता मुख्य प्रकरण. आमच्या मराठी गटाच्या गणपतीत सीनियरांची एकांकिका असते. ती दरवर्षी जेवणानंतर ठेवतात, म्हणजे प्रेक्षक घरी आणि आम्ही स्टेजवर. आमच्यातल्या लीलाताईंनी दोन वर्षं म्हातारीचं काम मन लावून केलं, ते भांडी आवरणाऱ्यांनी पाहिलं. यंदा एकांकिका जेवणाआधी हवी, असं अण्णा सभेत म्हणाले.

सेक्रेटरी निखिल पुण्याचा, आयटीत मॅनेजर. तो गोड हसून म्हणाला, "अण्णा, मताला टाकू. पण व्हिजिट पासवाल्यांना, म्हणजे मुलांकडे भेटीच्या परवान्यावर आलेल्यांना, मत नाही. तुम्ही सगळे आमचे पाहुणे!"

"पाहुणे?" अण्णांनी छत्री काखेत घट्ट केली. "बरं."

दुसऱ्या दिवसापासून सगळे सीनियर पाहुणे झाले! इस्त्रीचे कपडे घालून सोफ्यावर बसले. अण्णांची लेक म्हणाली, "बाबा, सईला शाळेतून आणता ना?"

"पाहुण्याला कामं सांगतेस?"

माझ्या सुनेनं विचारलं, "बाबा, कुकर लावाल का?" मी म्हटलं, "चहा जरा गोडच कर हं, पाहुण्यांचा आहे." माझं सारं आयुष्य कामं टाळण्यात गेलं, पण इतक्या मानानं कधी टाळली नव्हती! निखिलच्या घरी त्याची आई पाचव्या दिवशी विचारत होती, "तुमच्याकडे सिंगापूरमध्ये बघण्यासारखं काय काय आहे?"

* * *

चतुर्थीची सकाळ उजाडली. हॉलमध्ये गणपती बसलेले, पुढे नैवेद्याचं ताट रिकामं. मोदक दरवर्षी लीलाताई आणि त्यांच्या मैत्रिणी करतात, पण यंदा त्याही पाहुण्या! ऐनवेळी बाहेर ऑर्डर घ्यायला कोणी तयार होईना. आणि आम्ही सीनियर दारातून आत आलो ते प्रत्येकी एक ट्रॉली बॅग ओढत. पाहुणे बॅगा घेऊनच येतात!

अण्णा सरळ कमिटीच्या टेबलाकडे गेले आणि एका रिकाम्या खुर्चीवर त्यांनी टिशूचं पाकीट ठेवलं.

निखिलनं घाम पुसला. "सीनियरांना मत आणि कमिटीत एक जागा. बाजूनं कोण?"

सगळ्यात आधी सुनांचे हात वर गेले. मग मुलांचे, बायकोकडे बघून. शेवटी निखिलचाही.

अण्णांनी टिशू उचलून खिशात घातला, खुर्चीवर बसले आणि पहिला नियम केला, "एकांकिका जेवणाआधी. नाटक संपेपर्यंत पानं वाढायची नाहीत." टाळ्यांनी हॉल दणाणला. लीलाताई पदर खोचून तिथल्या तिथे म्हातारीचे संवाद म्हणायला लागल्या.

"सगळं मान्य," निखिल हात जोडून म्हणाला. "पण अण्णा, नैवेद्याचं काय?"

अण्णांनी छत्रीनं खूण केली. पटापट ट्रॉली बॅगा उघडल्या. आत डबे, आणि डब्यांत मोदक! गरम, अजून वाफ धरलेले.

निखिल बघतच राहिला. "म्हणजे पहाटेच केले होते? आणि मतदानात हरला असतात तर?"

"तर आम्हीच खाल्ले असते," अण्णा म्हणाले. "पाहुणेच ना आम्ही!"