भिंतीवरचा तेलकट डाग

माझ्याविषयी दोन गोष्टी सांगितल्या जातात आणि दोन्ही खोट्या आहेत. पहिली, मी आमच्या त्या जुन्या चित्रपटाचा केवळ निर्माता होतो. दुसरी, त्यातले घर आम्हाला बिबवेवाडीत आयते सापडले. पहिलीकडे मी आजवर दुर्लक्ष केले. दुसरी मात्र गेल्या महिन्यात स्वारगेटजवळच्या सभागृहात दिग्दर्शकांनीच, माझ्यादेखत, सांगितली. म्हणून हे लिहिणे भाग पडले.

ते घर मी उभे केले. कात्रजपलीकडच्या एका रिकाम्या गोदामात, लाकडी चौकटींवर प्लायवूड ठोकून. निर्माता मी होतो आणि कलादिग्दर्शकही मीच. सोबतीला एक वयस्कर मुसलमान मिस्त्री होते. पेठांतली दारे-खिडक्या दुरुस्त करण्यात त्यांचे आयुष्य गेले होते. माझी पद्धत अशी, की भिंत रंगवायची नाही, वापरायची. आधी हिरवा रंग, त्यावर पिवळा, त्यावर चुना. मग जिथे माणसाचा हात रोज लागेल तिथेच घासायचे. दिव्याच्या बटणांभोवती काळपटपणा, मोरीच्या कडेला ओल, आणि घरचा कर्ता ज्या खुर्चीत बसतो तिच्यामागे, भिंतीवर, डोक्याच्या तेलाचा डाग.

तो डाग मी ब्रशने रंगवला नाही. डोक्याला खोबरेल चोपडून आठवडाभर त्या खुर्चीत, भिंतीला डोके टेकून बसलो.

मिस्त्री म्हणाले, "साहेब, बसणार तर नट. त्यांना एकदा बसवून बघा की."

"मिस्त्री, आपण चौकटी बघा."

तेवढ्यात दिग्दर्शक डोकावले आणि पोट धरून हसले. "अहो निर्माते, भूमिकाही तुम्हीच करताय की काय?"

नट माझ्यापेक्षा बुटका निघाला. सुरुवातीची दृश्ये चित्रित होऊन पडद्यावर पाहिली तेव्हा कळले, की डाग त्याच्या डोक्याच्या चार बोटे वर आहे. आता तो हलवला, तर आधीच्या दृश्यांशी मेळ बसणार नव्हता. मी कुणाला सांगितले नाही. मिस्त्रींच्या लक्षात आले होते. त्यांनीही तोंड उघडले नाही. ते आता हयात नाहीत.

त्या दिवशी सभागृहात चित्रपट संपल्यावर एका तरुण मुलीने घराविषयी विचारले. दिग्दर्शक म्हणाले, "सापडलं तसं घेतलं. एक खिळासुद्धा ठोकला नाही." टाळ्या झाल्या.

मी उभा राहिलो. "ते घर सापडलेलं नाही. गोदामात बांधलंय. मी बांधलंय."

"आजोबा, बांधून झालं असेल तर बसा," मागून कुणीतरी म्हणाले. "पुढचं काही दिसत नाही."

माझ्यापाशी एकच पुरावा होता, आणि तो म्हणजे माझी चूक. इतकी वर्षे जी झाकली, ती मी परक्या माणसांपुढे स्वतःच्या तोंडाने सांगितली. "खुर्चीमागचा डाग आठवा. माणसाच्या डोक्याच्या चार बोटं वर आहे. राहत्या घरात असं होत नाही. ती माझी चूक आहे."

दिग्दर्शकांनी माइक जवळ ओढला.

"अहो, मग आधीचा भाडेकरू उंच असेल."

सगळे हसले. दिग्दर्शकही हसले, पण माझ्याकडे न पाहता. तो भाडेकरू त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला होता, तेल चोपडलेल्या डोक्यासकट.

बाहेर पडताना ती मुलगी जवळ आली. "सर, तुम्ही म्हणता ते असेलही. पण तो डाग खरा वाटतो."

"खराच आहे तो," मी म्हणालो. पुढे कसा ते सांगणार होतो; पण दिग्दर्शकांसोबत फोटो काढून घेणाऱ्यांची रांग लागली होती, आणि तिला आपला नंबर चुकवायचा नव्हता.