काकांची मऊ काडतुसं

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे, असं कोणी विचारलं तर मी थोरल्या काकांकडेच बोट दाखवीन. आमच्या तालुक्याच्या गावी शाळा होती, कॉलेज नव्हतं. झाशीला, नगरा मोहल्ल्यात, काका-काकूंनी मला ठेवून घेतलं. काका रेल्वेच्या कारखान्यात फिटर. त्यांच्या दोन खोल्यांतली खिडकीजवळची जागा माझ्या पुस्तकांना मिळाली, आणि आमच्या घरातला पहिला पदवीधर तिथून बाहेर पडला. आता मी भोपाळला शिकवतो.

काकांना एकच शौक. आजोबांच्या वारशानं आलेलं जुनं रिव्हॉल्व्हर, मधून दुमडून उघडणारं. त्यानं त्यांनी कधी पाखरूसुद्धा मारलं नाही. रविवारी नेमबाजीच्या रेंजवर जायचं, कागदावरच्या काळ्या वर्तुळावर नेम धरायचा आणि तो कागद घरी आणून काकूला दाखवायचा. काकू तो उजेडाकडे धरून बघायची. भोकं काळ्यात असली तर म्हणायची, "आज पोहे." नसली तर, "आज नुसता चहा."

गेल्या दसऱ्याला मी झाशीला गेलो तेव्हा कळलं, काकांनी कागद आणणंच बंद केलं होतं.

"हात गेला माझा," ते म्हणाले. "दिवाळीनंतर रिव्हॉल्व्हर बंदुकांच्या दुकानात जमा करून टाकतो. बस हो गया."

"असं वर्षभर चाललंय," काकू मला म्हणाली. "रविवारी पेपर उलटा धरून बसतात."

"काय म्हणाली?" काकांनी विचारलं. इतकी वर्षं कानात नुसता कापूस घालून गोळ्या झाडल्या, त्यामुळे त्यांना फार कमी ऐकू येतं.

"पोहे करते म्हणाली," मी ओरडून सांगितलं.

आमच्याकडे खंडेनवमीला रिव्हॉल्व्हर पाटावर मांडतात. शेजारी काडतुसं उभी ठेवतात आणि सगळ्यांना हळद-कुंकू लावतात. त्या वर्षी कुंकू नीट चिकटावं म्हणून काकूनं ते तेलात कालवलं आणि प्रत्येक काडतुसाच्या बुडाला, जिच्यावर घोडा आपटून बार उडतो त्या टोपीवरच, चांगलं ठळक बोट उमटवलं. बिचारीनं काकांच्या हातासाठीच केलं ते. दोन दिवसांनी काकांनी तीच काडतुसं पुसून घेतली, आणि मी हट्टानं त्यांच्याबरोबर रेंजवर गेलो.

पहिली गोळी काळ्याच्या बाहेर लागली. दुसरी त्याहून लांब. तिसऱ्या वेळी चाप ओढला आणि नुसतं टिच् झालं. टोपीत तेल मुरलं होतं. अशा वेळी नळी समोरच ठेवून थोडं थांबायचं असतं, कारण काडतूस उशिरानंही उडू शकतं. काका थांबले. मी त्यांच्या मागे उभा होतो आणि माझं लक्ष नळीच्या टोकाकडे गेलं. बाराच्या धक्क्याच्या भीतीनं ज्याचा हात बिघडतो, त्याची नळी अशा फुसक्या बारालाही खाली झुकते. काकांची नळी जराही हलली नव्हती.

"काका, हात शाबूत आहे तुमचा!"

"क्या?"

मी त्यांच्या कानाशी जाऊन पुन्हा सांगितलं. त्यांनी मान हलवली. "समजूत काढू नकोस रे माझी."

मग पुढच्या एका काडतुसाचंही टिच् झालं आणि या खेपेला त्यांनी स्वतःच नळीकडे पाहिलं. ती जागच्या जागी होती.

चूक हाताची नव्हती, म्हणजे काडतुसांची. परतताना आम्ही सिव्हिल लाइन्समधल्या बंदुकांच्या दुकानात गेलो. वर्षभर काका तिथून तांब्याच्या आवरणाची, जोरदार, चकचकीत काडतुसं आणत होते. दुकानात समोर तेवढीच मांडलेली असायची. जुनी नळी आतून झिजलेली. तिच्यात ती कडक गोळी सैल जायची आणि वाटेल तिकडे भरकटायची. मी काका पूर्वी वापरायचे तसली मऊ शिशाची, झिजल्या नळीतही घट्ट बसणारी, चपट्या तोंडाची, कमी दारूची काडतुसं मागितली. दुकानदारानं आतून एक धुळकट डबी काढली आणि काकांच्या कानाशी ओरडला,

"चाचा, इससे तो चिड़िया भी नहीं मरेगी।"

"भैया, हमको काग़ज़ मारना है," काका म्हणाले. खूप दिवसांनी त्यांचा हा आवाज ऐकला.

पण रेंज तोवर बंद झाली होती आणि माझी गाडी संध्याकाळची होती. स्टेशनवर काका एवढंच म्हणाले, "बघू." पुढच्या रविवारी दुपारी काकूचा फोन आला. काकांना फोनवर काही ऐकू येत नाही, म्हणून मी त्याच दिवशी पत्र लिहिलं.

ती. काकांस नमस्कार.

काकू म्हणाली की आज तुम्ही कागद घरी आणलात. पंचिंग मशीननं पाडल्यासारखी गोल, स्वच्छ भोकं, आणि एक सोडून सगळी काळ्यात. त्या एकाबद्दल तुम्ही सकाळपासून कुरकुरताय, असंही कळलं. मला फार बरं वाटलं.

तुमच्याकडे राहत असताना माझा इंग्रजीचा पेपर गेला, तेव्हा तुम्ही विचारलंत, "अभ्यास चुकला की पेन चुकलं?" मी रडत होतो आणि हसू आलं. तुम्ही मला एका पेपरावरून घरी पाठवलं नाहीत. मग स्वतःच्या हाताचा निकाल इतक्या घाईनं कसा लावता?

रिव्हॉल्व्हर जमा करू नका. डोळे किंवा मनगट खरंच थकलं तर आपण दोघं मिळून जाऊ, मी स्वतः ते दुकानात ठेवीन आणि एक शब्द बोलणार नाही. पण ती वेळ अजून आलेली नाही. तशी डबी इथे भोपाळला मिळते का, तेही विचारतो.

दिवाळीला येतोय. रविवार धरून रजा घेतली आहे. या खेपेला मागे उभं राहणार नाही. मलाही शिकवा.