कारखाना सुटताना

अमेरिकेत, आमच्या रेडमंडच्या लायब्ररीत शंभर वर्षांपूर्वीचे छोटे मूकपट फुकट दाखवणार होते, म्हणून नागपूरहून आलेल्या बाबांना घेऊन गेलो. पडद्यावर कारखान्याचं फाटक उघडलं आणि कामगार हसत, एकमेकांना ढकलत बाहेर पडू लागले. आयुष्यभर कारखान्यात पाळ्या केलेले बाबा म्हणाले, "भोंगा वाजला."

मूकपटात!

त्या बिचाऱ्यांच्या पिळवणुकीबद्दल मी बाबांना दोन शब्द ऐकवणार, तेवढ्यात माझा फोन थरथरला. शनिवार होता, पण मॅनेजरला माझी 'फक्त पाच मिनिटं' हवी होती. लॅपटॉप गाडीत होताच. तो कायम असतो.

तासाभराने परतलो, तर रिकाम्या हॉलमध्ये बाबा एकटेच बसले होते.

"शेवटी काय झालं?" मी विचारलं.

"सगळे घरी गेले. तुझा भोंगा कधी वाजतो रे?"