मेघाची मिनिटभर शांतता

माझ्या कानांना काहीही झालेलं नाही. हल्ली लोकच तोंडातल्या तोंडात बोलतात. तरी घरच्यांनी हट्टाने कानाचं यंत्र आणलं. मी ते घेतलं. (घेतलं म्हणालो, घातलं नाही!) माकडटोपी खाली ओढली की आत यंत्र आहे की नाही, कोण बघतो?

नात मेघा सिनेमाच्या कॉलेजात. तिचा छोटा सिनेमा म्हणे नुसत्या आवाजांचा. पडद्यावर कोरी भिंत, आणि ऐकायला आमचं जे. पी. नगरचं घर! संध्याकाळपर्यंत पाठवला नाही तर नापास.

"अज्जा, आता फक्त घराची एक मिनिट शांतता हवीय."

"शांतता कधी ऐकू येते का, वेडे?"

"येते. तुम्ही गप्प बसलात तर!"

मी चौथी नापास, पण काम अंगावर घेतलं की तडीस नेतो. पंखे बंद केले. फ्रिजची पिन उपटली. खिडकीतून ओरडलो, "अक्का, मिक्सर स्वल्प थांबवा!"

"सरी, सरी!" खालच्या मजल्यावरच्या कानडी अक्का घाबरून लगेच कबूल झाल्या.

मेघाने हेडफोन चढवले आणि कपाळावर हात मारला. "शिट्टी वाजतेय. बारीक. कुंईऽऽ!"

"मलाही येतेय," बायको म्हणाली.

"मला येत नाही. म्हणजे नाहीच!" मी निकाल दिला.

तरी शोधात पुढे मीच! स्वयंपाकघरात गेलो, शिट्टी तिथे म्हणे. न्हाणीघरात गेलो, तिथेही! कपाटामागे वाकलो तर दुप्पट!

"अहो, ही आपल्या मागे मागे फिरतेय!" बायको रामरक्षा म्हणू लागली.

मी भिंतीवरचं घड्याळ गादीत गुंडाळलं. मग तडक खाली जाऊन अख्ख्या बिल्डिंगचा मेन स्विच पाडला! (लिफ्टमध्ये कुणीतरी बोंबलत होतं म्हणे. मी तर काही ऐकलं नाही.)

वर आलो तर मेघा रडवेली. माईक पुढे धरून ती आवाजाच्या मागे निघाली, आणि थेट माझ्यापाशी थांबली.

"अज्जा... शिट्टी तुमच्या छातीत आहे!"

"अगंबाई! डॉक्टरला बोलाव!" बायको ओरडली.

मी थोडा घाबरलो, थोडा फुगलो. (या वयात छाती शिट्टी मारते!) छातीवर हात ठेवला, तर हाताला लागलं खिशातलं कानाचं यंत्र. चालूच होतं, तेच शिट्टी मारत होतं!

बायकोने टोपी उपटली. मग ती जे काही म्हणाली, ते ऐकू आलं नाही हेच बरं.

आता शांतता कुठली! दारात अक्का, वॉचमन आणि लिफ्टमधून सुटलेला गृहस्थ, तिघे एकदम भांडत होते. मेघाने नाक पुसत शिट्टीसकटच सिनेमा पाठवला.

कॉलेजात तो दाखवला, तेव्हा टाळ्याच टाळ्या! "शेवटची ती शिट्टी, वा!" मेघा पहिली आली. तिच्या सरांनी मला मानाने विचारलं, "अज्जा, कसा वाटला?"

मी स्पष्ट सांगितलं, "बाकी झकास. पण शेवटी मिनिटभर आवाजच गेलाय, तेवढा दुरुस्त करून घ्या!"