पत्र्याच्या शेडसमोर कोण कोण होतं

ती घटना विसरावी म्हणतो, पण माझीच एक नक्कल ती विसरू देत नाही.

नोकरीत मला नकला करायची खोड होती. चोर, वकील, वरचे साहेब, कोणालाच सोडलं नाही. बदली झाली की निरोप समारंभात स्टाफ हार घालायच्या आधी म्हणायचा, "साहेब, आधी एसपी साहेबांची होऊन जाऊ द्या."

मी तेव्हा उपविभागीय पोलीस अधिकारी होतो. अ‍ॅट्रॉसिटीचा तपास त्याच दर्जाच्या अधिकाऱ्याकडं असतो. वडीगोद्रीच्या पलीकडच्या एका गावात दलित वस्तीतला म्हातारा भर पावसात वारला. मुलानं प्रेत स्मशानातल्या सरकारी पत्र्याच्या शेडखाली नेलं. माजी सरपंचानं अडवलं, जातीवरून घाण घाण बोलला, रचलेलं सरण बाहेर पावसात काढायला लावलं. ओली लाकडं पेटेनात. शेवटी मुलानं बापावर डिझेल ओतलं आणि त्याच ओल्या कपड्यांनी ठाण्यात आला. रात्रपाळीच्या हवालदारानं त्याला आधी चहा दिला, मग फिर्याद लिहिली.

माजी सरपंच पसार झाला आणि वकिलामार्फत अटकपूर्व जामिनाचा अर्ज टाकला. या कायद्यात तो जामीन सहसा मिळत नाही. म्हणून वकिलानं वेगळीच वाट धरली. तिथं फक्त मयताचे नातेवाईक होते, बाहेरचं कोणी नव्हतं, म्हणजे अपमान चारचौघांत झालाच नाही, मग कलमच लागत नाही! मला सुनावणीच्या आधी बाहेरचा साक्षीदार पाहिजे होता. एक जरी मिळाला तरी बस्स.

गावात विचारलं तर झाडून सगळे शेतात.

"एवढ्या पावसात काय करत होतात?"

"खुरपत होतो साहेब. गवत लई झाल्तं."

बायका खुरपत होत्या, मास्तर खुरपत होते, पायानं अधू किराणावालासुद्धा खुरपत होता.

मग आमच्या खबऱ्याचा फोन आला. "साहेब, ह्या गावात मयत कोणाचंबी असू द्या, घरटी एक माणूस जातोच. वस्तीतलं असलं तर लांब उभे राहतात, पण जातात. फाट्यावरच्या हॉटेलवाल्याला धरा. त्यो एकबी मयत सोडत न्हाई."

मी साध्या कपड्यात हॉटेलात गेलो. हॉटेलवाला मला ओळखायचा. माणूस हसरा. चौकशीला बोलावला असता तर गप्प बसला असता. मी चहा मागवला, इकडचं तिकडचं बोललो, माजी सरपंचाचा विषय काढला. त्याचं बोलणं मी शांतता कमिटीत ऐकलेलं. उठलो, कमरेवर हात ठेवले, घसा खरवडला, "उचला रे हे! सरकारचं शेड तुमच्यासाठी हाय का?"

हॉटेलवाला खो खो हसला. "आवाज बराबर हाय साहेब! पण हात कमरेवर न्हाई. छत्री मिटवून तिचं टोक प्रेताकडं केल्तं त्यांनी."

छत्रीचं फिर्यादीनं मला सांगितलं होतं. गावात मी ते कोणापुढंच काढलं नव्हतं.

तो हसता हसता थांबला. चहा उतू गेला तरी हलला नाही.

"मग तू होतास तिथं," मी म्हणालो.

"होतो. बांधावर." चहाचं पातेलं उतरवत म्हणाला, "समदेच होतो साहेब."

पुष्कळ समजावल्यावर त्यानं जबाब दिला. मॅजिस्ट्रेटसमोर जबाब नोंदवायला तारीख घेतली. परत येताना गाडीत मी ड्रायव्हरला नक्कल पुन्हा करून दाखवली, छत्रीसकट.

दुसऱ्या दिवसापासून त्याच्या हॉटेलला कोणी दूध घालेना. मग चहाला कोणी बसेना. धमकी नाही, मारहाण नाही. दूध न घालणाऱ्याला कोणत्या कलमात बसवू?

मॅजिस्ट्रेटसमोर तो म्हणाला, "पाऊस लई होता. मला काय दिसलं न्हाई." बाहेर आल्यावर माझ्याकडं न बघता बोलला, "साहेब, तुमी नक्कल करून निघून जाता. मला तिथंच राहाचंय."

अटकपूर्व जामीन मंजूर झाला. कोर्टाला दोष देत नाही. आम्ही जे समोर ठेवलं, त्यावरच कोर्ट बोलणार. माजी सरपंच फाट्यावर उतरला तेव्हा फटाके वाजले. ज्यांना पावसात काही दिसलं नव्हतं, त्यांना तो लांबूनच दिसला.

खोटं बोलणाऱ्याला बोलतं करणं मला जमायचं. एकाला दोनदा विचारा, वेळ फिरवून विचारा, फट सापडतेच. पण इथं फट सापडूनही उपयोग झाला नाही. खरं सगळ्या गावाला माहीत होतं, आणि तरी कोर्टात न्यायला मला एक माणूस मिळाला नाही. आजवर ह्याच्यावर मला इलाज सापडलेला नाही.

फिर्यादीच्या दारापुढं मी पोलीस गाडी ठेवली होती. एक दिवस तो ऑफिसात आला. बस म्हटलं तरी बसला नाही.

"साहेब, गाडी हलवा."

"कोणी दम दिला का?"

"न्हाई. गाडी हाय तोवर पिठाच्या गिरणीत आमचं दळण घेईनात. बायको दोनदा दळणाचा डबा तसाच घेऊन परत आली."

"आणि गाडी काढल्यावर काही झालं तर?"

"झालं तर झालं," तो म्हणाला. "लेकरांना भाकर तर लागन."

मी वायरलेसवर गाडी परत बोलावली.