मयताच्या पत्नी

चूक माझीच, आणि तीही व्याकरणाची. मोठ्या माणसाबद्दल लिहिताना आदरार्थी बहुवचन वापरायचं, हे आमच्या मास्तरांनी छडीच्या जोरावर अंगात मुरवलं होतं. पाणीपुरवठा खात्यात कारकून म्हणून चिकटलो आणि दुसऱ्याच आठवड्यात पत्र लिहिलं: ‘मयताच्या पत्नी यांनी पेन्शनच्या कागदपत्रांसह हजर राहावे.’ सरळ ‘मयताची पत्नी’ लिहिलं असतं तर कुणाचं काही बिघडलं नसतं. पण मला सभ्यपणा सुचला. टपाल बघणाऱ्या कारकुनाने फाइल चाळली. सर्व्हिस बुकात तीस वर्षांपूर्वीचा एक पत्ता, वर लावलेल्या पेन्शनच्या अर्जावर खात्याच्या क्वार्टरचा. ‘पत्नी अनेक, पत्ते दोन, जमलं,’ असं म्हणत त्याने दोन पाकिटं केली आणि जेवायला गेला.

मयत म्हणजे आमचा व्हॉल्वमन. क्वार्टरमध्ये त्याच्यासोबत राहायची ती बाई, म्हणजे सगळ्या गावाची चावीवाली मावशी. नोकरीची सहा वर्षं उरलेली असताना त्याचं अर्धं अंग लुळं पडलं. तेव्हापासून उजाडायच्या आत ही कमरेएवढी लोखंडी चावी खांद्यावर टाकून निघायची. हजेरीबुकात सही त्याची, नळाला पाणी हिचं. कुठला व्हॉल्व किती आटे फिरवला म्हणजे टेकडीवरच्या घरांना पाणी चढतं, हे तिच्या मनगटाला पाठ होतं. कुणी खिडकीतून ओरडलं, “मावशी, आज धार बारीक!” की ही खालून म्हणायची, “धार तीच आहे, तुझी बादली फुगली असेल!” घरी येऊन नवऱ्याला कुशीवर वळवायचं, पुसायचं, भरवायचं. खात्यात हे सगळ्यांना ठाऊक होतं. म्हणूनच कुणाला ठाऊक नव्हतं.

सुनावणीच्या दिवशी ती स्वच्छ पातळ नेसून, दवाखान्याच्या कागदांचं गाठोडं घेऊन आली. हेडक्लार्कसमोरच्या दोन खुर्च्यांपैकी एकीवर आधीच कुणी बसलेलं होतं. लहानखुरी, नीटनेटकी बाई, मांडीवर प्लास्टिकची पिशवी.

“या, बसा,” हेडक्लार्क म्हणाले. “या थोरल्या. तुम्ही धाकट्या. ओळख असेलच.”

मावशीला ओळख नव्हती. थोरली होती एवढं माहीत होतं. पण ‘ती कधीच वारली,’ असं नवऱ्याने सांगितलं होतं.

“मी मेले होते होय?” थोरली हसली. “आणि मला म्हणाला होता, बदलीच्या गावी खोली बघतो, महिन्याभरात न्यायला येतो. सव्वीस वर्षं झाली. खोली बरी मिळालेली दिसते.”

तिने पिशवीतून लग्नाच्या नोंदणीचा दाखला काढला. घड्यांवर झिजलेला, पण शिक्का शाबूत. मावशीने गाठोडं सोडलं. प्रत्येक कागदावर ‘रुग्णाशी नाते’ या रकान्यात ‘पत्नी’, खाली तिची सही.

हेडक्लार्कांनी दोन कागद बघितले आणि बाकीचे बोटाने बाजूला सारले. “बाई, हे आजारपणाचे पुरावे झाले. लग्नाचा?”

“सहा वर्षं गू-मूत काढलं मी त्याचं!”

“त्याला नर्स म्हणतात. नर्सला पेन्शन नसते.”

“तुझं नुसतं नाव,” मावशी थोरलीकडे वळली, “आणि घाण माझी?”

“तू नेलास तेव्हा चांगला धडधाकट होता गं. माल तू निवडून नेलास. आता खराब निघाला म्हणून माझ्याकडे परत करतेस?” थोरलीचा आवाज जराही चढला नाही. “सव्वीस वर्षं लोकांचे कपडे शिवत मी त्याचं नाव वागवलं. त्याचं भाडं नको मला?”

तेव्हा मावशीच्या तोंडून ते निसटलं. “साहेब, शेवटची सहा वर्षं चावी मी फिरवली! नोकरी मी केलीय!”

हेडक्लार्कांनी पेनचं टोपण काढलं. “लिहून देता? म्हणजे सहा वर्षांचा पगार खोटा ठरेल, वसुली लावता येईल.”

“गप बस गं बये!” थोरली पहिल्यांदाच दचकली. “माझ्या पेन्शनला कात्री लावशील.”

सगळे हसले. मीही हसलो. मावशी गाठोडं बांधू लागली. गाठ काही बसेना.

नियमाप्रमाणे पहिलं लग्न मोडल्याचा कागद नाही, म्हणजे दुसरं लग्न झालंच नाही. पेन्शन थोरलीला. मावशीला पंधरा दिवसांत क्वार्टर सोडायचं. आदेशाची पक्की प्रत मीच लिहिली. अक्षर चांगलं म्हणून.

क्वार्टर सोडायच्या दिवशी ती ऑफिसात आली. नव्या व्हॉल्वमनला कोपऱ्यात उभं करून तिने कुठे किती आटे ते सांगितलं. तो मान डोलवत मोबाइल बघत होता. मग माझ्या टेबलाशी आली.

“त्या आदेशाची नक्कल दे बाबा. वर अपील करता येतं म्हणतात.”

अपिलात काही राम नाही, हे मला माहीत होतं. मी म्हणालो, “करून बघा.”

“तू बरा आहेस. तू पत्र लिहिलंस म्हणून निदान मला समोर बसवून ऐकलं तरी.”

थोरलीला पत्र गेलं ते माझ्याच ‘च्या’मुळे, हे आता सांगावं असं वाटलं. जीभ उचललीही. पण हेडक्लार्क बघत होते, आणि माझी नोकरी अजून कायम व्हायची होती. मी नकलेची फी सांगितली. तिने पदरातून एकच नोट काढली. माझ्याकडे सुटे नव्हते.

“राहू दे,” ती म्हणाली. “कुठे राहते ते कळवीन, तेव्हा दे.”

फी वजा करून उरलेले पैसे मी पाकिटात घालून ड्रॉवरमध्ये ठेवलेत. पाकिटावर पत्ता लिहायचा राहिलाय.