आत्याबाईंचा काळपाक

आमच्या आत्याबाईंच्या स्वयंपाकघरात घड्याळ न्यायला मनाई होती. मनगटावरचंसुद्धा उंबऱ्याबाहेर काढून ठेवावं लागे. "तीस वर्षं शाळेच्या घंटेवर नाचलें. आता वेळ माझ्यावर नाचूं दे," असं त्या म्हणत. गल्लीतले तमिळ शेजारी त्यांना 'कडिगार टीचर', म्हणजे घड्याळबाई म्हणायचे. त्यांनाही ते नाव आवडत असावं.

मी साताऱ्याची. लग्न होऊन कुंभकोणमला आले तेव्हा ऐंशीचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. सासरचे मराठीच, पण पिढ्यान्‌पिढ्या तंजावरकडे राहिलेले. त्यांची मराठी सुरुवातीला मला पोथीतून उठून आल्यासारखी वाटे. आत्याबाई माझ्या सासऱ्यांच्या धाकट्या बहीण. लग्न केलं नव्हतं. मुलींच्या शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झाल्या होत्या आणि आता घरात एक नवंच शास्त्र उभं करत होत्या. त्याला त्यांनी 'काळपाक' असं नावही दिलं होतं.

मला समोर बसवून त्या ते वर्गात शिकवावं तसं शिकवायच्या. लिंबू, मोहरी, ओली मिरची या आखूड चवी. जिभेवर आल्या आणि गेल्या. चिंच, मेथी, भाजलेले धणे या लांब चवी. उशिरा येतात आणि हलायचं नाव घेत नाहीत. कुणाला काय, कुठल्या क्रमानं वाढलं की त्याची वेळ ताणते किंवा आटते, हे सगळं त्यांना पक्कं ठाऊक होतं. "पदार्थ काय, कोणीही शिजवतो गे. जेवणाराची वेळ शिजवायची, तें शास्त्र."

मी हसायचे. पण जवळच्या पापनाशम गावचे, नात्यानं दूरचे एक काका यायचे, ते 'पाणी पिऊन निघतो' म्हणून संध्याकाळपर्यंत हलत नसत. एकदा आत्याबाईंनी त्यांना नुसता लिंबूभात आणि मोहरीच्या फोडणीची कोशिंबीर वाढली. हात धुऊन काका चपला घालायला लागले. "फार वेळ बसलों की आज!" त्यांना येऊन तासही झाला नव्हता. आत्याबाईंनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. प्रयोग यशस्वी झाल्यावर शिक्षक टाळ्यांची वाट बघत नाहीत.

माझी दोन गरोदरपणं अर्ध्यावरच संपली होती. तिसऱ्या वेळी सातव्या महिन्यात डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, आता पलंगावरून उठायचं नाही. सासूबाई तिरुक्करुगावूरला जाऊन गर्भ राखणाऱ्या देवीचं प्रसादाचं तेल घेऊन आल्या. मी भिंतीकडे तोंड करून रडत पडले होते. दोन महिने! एकेक तास मला खायला उठत होता.

आत्याबाईंनी माझा पलंग स्वयंपाकघराच्या दारापाशी ओढून घेतला. "देवी गर्भ राखील, डॉक्टर तुज राखील. दिवस राखणें माझें काम," म्हणाल्या.

आणि त्यांनी ते केलं. सकाळी त्या धणे आणि खोबरं भाजत, पण कशासाठी ते सांगत नसत. त्या वासामागे माझं मन दुपारपर्यंत चालत जाई. दुपारी ताटात पिठलं असायचं, आमच्या साताऱ्याचं बेसनाचं नव्हे, इकडचं डाळीचं आणि चिंचेचं, दाट. त्याची चव तिसऱ्या घासाला उघडायची. ती विरते न विरते तोच चुलीवर संध्याकाळच्या कशाची तरी सुरुवात झालेली असे. मी तारखा मोजायचं सोडून दिलं. एके दिवशी डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "दिवस भरले," तेव्हा मला ते खरंच वाटेना. मुलगी झाली, ठणठणीत. आत्याबाईंनी तिला हातात घेतलं, निरखून पाहिलं आणि म्हणाल्या, "बरोब्बर शिजली."

मुलगी शाळेत जायला लागल्यावर एका पावसाळ्यात आत्याबाईंना मोठा ताप आला. तापातून उठल्या, पण नंतर एकदा त्यांच्या रसमात मीठच नव्हतं. दुसऱ्या दिवशी दुप्पट. मी एकटी त्यांच्याजवळ गेले. त्या ओट्याला टेकून उभ्या होत्या.

"जीभ गेली गे," त्या म्हणाल्या. आवाज वर्गातलाच, जराही कापरा नाही. "विज्ञान नाही गेलें. तूं चाख, मी सांगतें."

मग चार-पाच वर्षं आम्ही दोघींनी मिळून स्वयंपाक केला. मी चाखायची आणि सांगायची, 'आंबट पुढे आलंय.' त्या डोळे मिटून उकळीचा आवाज ऐकत आणि म्हणत, "राहूं दे. मागें जाईल." ते खरंच मागे जायचं. त्या चार-पाच वर्षांत मी जेवढं शिकले, तेवढं जीभ असलेल्या आत्याबाईंकडून शिकले नव्हते.

शेवटच्या आजारपणात त्या अंथरुणाला खिळल्या. एका दुपारी मी त्यांच्यासाठी चिंचेचं पिठलं केलं आणि भातात कालवून भरवलं. त्यांनी तीन घास घेतले. मग डोळे उघडून म्हणाल्या, "अर्धी घटका आधीं उतरवलेंस."

मी चमकले. "चव कळली तुम्हाला?"

"चव कशाची कळते! तुझ्या हाताला घाई आहे. मी जाईन म्हणून भ्यालीस. परत ठेव. मी थांबतें."

मी वाटी घेऊन उठले, पिठलं पुन्हा मंद आचेवर ठेवलं आणि घाई न करता ढवळत राहिले. ते पुरतं शिजल्यावर घेऊन आले. आत्याबाईंनी वाटीभर खाल्लं. मान हलवली, म्हणजे पास. दोन दिवसांनी त्या गेल्या.